आठ फुटांचा सौदा

माझ्या उस्तादानं माझ्या गल्लीला फसवलं आणि त्यासाठी माझा हात वापरला. उस्तादाचं नाव आप्पा. गल्ली म्हणजे आमच्या कसब्यातली घोंगडे गल्ली, वेशीपासून नदीच्या उतारापर्यंत गेलेली. हात माझा, उजवा, ज्यानं मी आत्ता हे लिहितो आहे. एवढं मी आयुष्यभर लोकांना तोंडी सांगत आलो. चहाच्या टपरीवर सांगितलं, लग्नाच्या मांडवात सांगितलं, एकदा तर मयतीला गेलो असताना तिथंही सांगितलं आणि लोकांनी मला दंडाला धरून बाजूला नेलं. लोक म्हणतात, सोपानराव, झालं गेलं, आता सोडा. मी सोडणारा माणूस नाही. शेळीच्या भावात मी कधी चार आणे सोडले नाहीत, गल्ली कशी सोडू?

आमचं घर वेशीतून आत आलं की डाव्या हाताला तिसरं. दगड-मातीच्या भिंती, वर मातीचं सपाट माळवद. आत शिरलं की भर दुपारी काही दिसायचं नाही, मग हळूहळू डोळे बसायचे आणि माळवदाला उजेडासाठी ठेवलेल्या भोकातून, साण्यातून, खाली पडलेला उन्हाचा एक गोल तुकडा दिसायचा. तो तुकडा सकाळी चुलीजवळ असायचा, दुपारी बाच्या मागावर आणि दिवस कलला की दाराच्या चौकटीवर चढायचा. घरात घड्याळ नव्हतं. माय त्या तुकड्याकडे बघून सांगायची, आता भाकरी टाकते, आता सूत काढायला लोकरीचे पेळू घेऊन बसते. बा मी लहान असतानाच गेला, त्याचा माग मात्र तसाच होता. शेजारचा एक चुलता येऊन त्यावर विणायचा. माय सूत काढायची आणि ताण्याला खळ लावायची. चिंचोके भिजत घालायचे, वाटायचे, मोठ्या भगुल्यात शिजवायचे. तो आंबूस, दाट वास लोकरीच्या वासात मिसळून आमच्या कपड्यांना, अंथरुणाला, भाकरीलासुद्धा यायचा. शाळेत पोरं नाकाला हात लावायची. मला त्याची लाज वाटायची तेव्हा. आता कुठं चिंचोके दिसले तर मी एक उचलून खिशात टाकतो. घरची हसतात.

घोंगड्याचा ताणा लांब असतो, तो घरात मावत नाही. म्हणून आमची गल्लीच आमचा कारखाना होती. प्रत्येकाच्या ओट्याच्या कोपऱ्यात एक सागवानी खुंटा पुरलेला असायचा. सकाळी ऊन वर यायच्या आत बाया या खुंट्यापासून त्या खुंट्यापर्यंत काळ्या लोकरीचे ताणे ताणायच्या आणि दोन्ही बाजूंनी कुंचे घेऊन खळ लावत चालायच्या. तेवढा वेळ गल्ली बंद. कोणी वेशीतून आत आलं की पहिल्या घरची बाई ओरडायची, "ताणा हाय गं, ताणा हाय," आणि ती आरोळी घराघरातून उताराकडे जायची. मग बैलगाडी असो, नवरदेव असो, वेशीत थांबायचं. फौजदारसुद्धा एकदा सायकलवरून उतरून उभा राहिलेला मी पाहिला आहे. आमची गल्ली अरुंद होती ती गरिबीनं नव्हती. दोन बायांना समोरासमोर उभं राहून मधला धागा सांभाळता यावा, एवढीच ती ठेवलेली होती.

आमच्या उजव्या भिंतीला लागून चाँदचाचांचं घर. चाँदचाचा गवंडी. कसब्यातल्या अर्ध्या भिंती त्यांच्या, उरलेल्या त्यांच्या बापाच्या. बुटका माणूस, दाढी मेंदीची, बोटं अशी जाड की चहाची कपबशी धरली की कपबशी लहान मुलाची वाटावी. आमची ओळ त्यांनी मला एकदा माळवदावर बसून समजावून दिली होती. म्हणाले, "हे देख सोपान. तुज्या घराचा सर, ही आडवी तुळई, कुठं टेकला हाय? माज्या भिंतीत. माजा सर? त्या पलीकडच्याच्या भिंतीत. असं करत करत उतारापर्यंत. हे पंचवीस घरं न्हाईत बेटा, एकच घर हाय. आन् सगळ्यांचा भार पुढं मोहऱ्यावर. मोहरा म्हणजे सामनेची भिंत. ओटा तिचा पाय." आम्हा पोरांना ते ठाऊक होतंच, आमच्या रीतीनं. वेशीजवळच्या माळवदावर चढायचं आणि कुठंही खाली न उतरता नदीच्या उतारापर्यंत पळत जायचं. फक्त साणी सांभाळायची. एकदा माझा पाय एका साण्यात गेला आणि खाली त्या घरची म्हातारी भाकरी थापत होती. ती वर न बघता म्हणाली, "कोणाचा हाय रं ह्यो पाय? चप्पल तरी काढून यायचं."

पावसाळ्याच्या आधी एक दिवस सगळ्या गल्लीनं माळवदावर पांढरी माती टाकायची. एकाच दिवशी सगळ्यांनी, कारण माझ्या माळवदाचं पाणी तुमच्या भिंतीत जातं. दिवस चाँदचाचा ठरवायचे. गाढवांवरून माती यायची, बाया टोपल्या वर द्यायच्या, गडी ती पसरून चोपण्यांनी चोपायचे आणि सगळ्या गल्लीभर तो धपधप आवाज दिवसभर चालायचा. दुपारी सगळे माळवदावरच जेवायला बसायचे. मायची येसराची आमटी, जवारीच्या भाकरी, शेंगदाण्याची चटणी आणि चाचीनं केलेली खिचडी आणि चिंचेचा खट्टा. खट्ट्यात चाची तीळ भाजून वाटून घालायची. आमच्यातले एक-दोन म्हातारे चाचीच्या हातचं खात नसत. ते तोंड वळवून बसायचे आणि वास घ्यायचे. माय त्यांना टोमणा मारायची, "नाकानं खाल्लं तर चालतं व्हय?"

आता आप्पा. आप्पा मेंढरा-शेळ्यांच्या बाजारातला सगळ्यात मोठा दलाल आणि नगरपालिकेचा मेंबर. त्यांचा वाडा आमच्याच गल्लीत, पण उताराच्या टोकाला, ओळीपासून सुटा, चारी भिंती स्वतःच्या. तेव्हा ते चाळिशीचे असतील. पांढरं धोतर, बाजारात शेणामुतातून फिरूनही पांढरंच. बा गेल्यावर त्यांनीच मला हाताखाली घेतलं. तलवाड्याकडून, वडवणीकडून, दिंद्रुडकडून धनगर मेंढरं घेऊन यायचे, त्यांच्यात आणि खाटकांत मध्ये बसून सौदा जुळवायचा. आमच्या बाजारात भाव तोंडानं बोलत नाहीत. दलाल आणि घेणारा एकमेकांचा हात धरतात, वर उपरणं टाकतात आणि खाली बोटांनी बोलतात. एक बोट म्हणजे एक, सगळा पंजा धरला की पाच, पंजा धरून मग तीन बोटं दाबली की आठ. शेकड्यात की दहात एवढंच तोंडानं सांगायचं. भोवती पन्नास माणसं उभी असली तरी कोणाला काही कळत नाही. तोंडावर नुसती भांडणं दिसतात. आणि एकदा दोघांनी होकाराचा हात दाबला आणि उपरणं उचललं की सौदा झाला. मग जनावर घरी जाईपर्यंत मेलं तरी शब्द फिरत नाही. फिरवला तर त्या माणसाचा हात पुन्हा कोणी धरत नाही.

आप्पानं मला हे शिकवलं. आणि आणखी एक गोष्ट शिकवली, ती मी तेव्हा व्यापारातली हुशारी समजून गाठीला बांधली. एका बाजारात मी एका माणसाला जास्तच रगडलं, तो तोंड पाडून गेला. आप्पा मला बाजूला घेऊन म्हणाले, "गाढवा, गिऱ्हाईक हरवायचं नसतं. दुप्पट सांगायचं. त्याला भांडू द्यायचं, घाम येऊ द्यायचा. मंग आपल्याला पायजे तिथं आपण हरायचं. जिकून गेलेला माणूस घरी जाऊन हिशेब करत न्हाई."

मी ते इतकं पक्कं शिकलो की विसाव्या वर्षी बाजारात माझं नाव झालं. तोंड फाटकं, डोकं गरम, पण भावात कोणाला हार न जाणारा. आप्पा लोकांसमोर माझ्या पाठीवर थाप मारायचे. मला बा नव्हता. ती थाप मला किती मोठी वाटायची ते आज लिहिताना आठवतं आणि राग येतो.

मग एक दिवस गल्लीत साहेब आला. रस्त्याचा साहेब, एवढंच आम्ही म्हणायचो. त्याचं नाव मला कधी कळलं नाही आणि कळलं असतं तरी इथं लिहिलं नसतं, कारण तो माझा माणूस नव्हता, त्याच्यावर माझा हक्क नाही. त्याच्याबरोबर दोन माणसं, एक फीत आणि लाल रंगाचा डबा. स्टँडकडून वेशीतून थेट नदीपलीकडे रस्ता काढायचा होता. त्यांनी आमच्या घरांत शिरून मापं घेतली आणि आमच्या आतल्या भिंतीवर, चुलीच्या वर, एक लाल फुली काढली. दोन्ही अंगांनी वीस-वीस फूट. म्हणजे घरच गेलं, मागची मोरी राहिली. माय त्या फुलीकडे बघत उभी राहिली आणि मग तिनं चूल फुंकायला घेतली.

दुसऱ्या दिवशी सगळी गल्ली वेशीपाशी जमली. आप्पा आले. कोणी म्हणालं कोर्टात जाऊ, कोणी म्हणालं आडवे पडू. आप्पांनी सगळ्यांना बोलू दिलं आणि शेवटी म्हणाले, "कोर्टात तुमची नातवंडं म्हातारी व्हतील. साहेब माणूस हाय, बोलला तर ऐकंल. पण म्या बोललो तर म्हणंल मेंबर हाय, याचा सवार्थ असंल. गल्लीचा माणूस पायजे. आन् भाव करायचा म्हणलं तर या सोपानच्या पुढं कोण हाय सांगा." सगळ्यांनी माझ्याकडे बघितलं. मी तेव्हा छाती किती फुगवली असेल, देव जाणे.

साहेब आमच्याच ओट्यावर येऊन बसला. मायनं गुळाचा चहा केला. समोर गल्लीत सगळे उभे. मी सुरुवातच भांडणानं केली. म्हणालो, "वीस फूट? साहेब, तुमी रस्ता काढता का इमान उतरवता इथं?" लोक हसले. साहेबही हसला. तो म्हणाला, नकाशा वरून आला आहे. मी म्हणालो, वरून पाऊस पण येतो, आम्ही त्याला पन्हाळ काढून देतो. तो अठरावर आला. मी दोनवर होतो. तो म्हणाला, दोन फुटांत म्हैस जात नाही. मी म्हणालो, तुमची जाडी असेल, आमची जाते. असं तासभर चाललं. तो सोळावर आला, मग चौदावर, मग अडला. मी चारवरून सहावर आलो. माझा आवाज बसला होता, पाठ घामानं भिजली होती, आणि इतकं सुख मला आयुष्यात झालं नव्हतं. मग मी खांद्यावरचं उपरणं काढलं आणि हात पुढं केला. "तोंडानं लई झालं. आता आमच्या रीतीनं बोला."

साहेबानं आप्पाकडे बघितलं. आप्पा म्हणाले, "द्या हात, साहेब. इथं हेच स्टँपपेपर हाय." साहेबानं हात दिला. मऊ होता, गादीसारखा. मी वरून उपरणं टाकलं आणि कसं बोलायचं ते त्याला दोन शब्दांत सांगितलं. त्यानं पंजा धरला आणि पाच बोटं दाबली, दहा. मी झटकलं. त्यानं पंजा धरला आणि चार दाबली. मी पुन्हा झटकलं. मग पंजा आणि तीन. आठ. मी त्याच्या डोळ्यांत बघितलं आणि दाबलं. त्यानंही दाबलं. मी उपरणं उचललं आणि ओरडलो, "आठ फूट." गल्लीनं जो आवाज केला तो माझ्या कानात अजून आहे. कोणी गुलाल आणला होता का मला आठवत नाही, पण माझा सदरा लाल झाला होता. आप्पांनी पाठीवर थाप मारली. साहेब उठताना म्हणाला, "आठ फूट तुम्हीच काढून घ्या. आम्ही काढलं तर तोडफोड होते. तुमचा दगड, तुमचं लाकूड तुमच्याकडं राहील." मला वाटलं, केवढा भला माणूस.

संध्याकाळी मायनं भाकरी वाढली. मी वाट बघत होतो ती काहीतरी बोलेल याची. तिनं आधी तवा उतरवून ठेवला. मग म्हणाली, "इसावरून आठवर आला?"

"आणला म्या."

"मेंढरू बिमार असल्याबिगर इतकं कोणी उतरत न्हाई, सोप्या."

मी ताट सरकवून उठलो. तिला काय कळतं, हे मी बोललो नाही. पण ताट सरकवलं म्हणजे बोललोच.

दुसऱ्या दिवशी सकाळी चाँदचाचा माळवदावर आले. मी वर पडलो होतो. ते माझ्याशेजारी उकिडवे बसले आणि म्हणाले, "बेटा, लई भारी बोलला तू. पन ते आठ फूट कुठले हायत म्हाईत हाय का तुला? ओटा आन् मोहरा. मोहरा गेला की सर कशावर टेकायचे? मागं वीस फूट राहतील, पन उभे न्हाई राहायचे."

"थुन्या लावू, खालून लाकडाचे टेकू देऊ."

"थुनी घराला दोन दिस धरती. ओळीला न्हाई धरत." मग ते हळू म्हणाले, "साहेबाकडून लिहून घे. घराला धोका झाला तर काय, ते लिहून घे."

"हात दिलाय त्यानं, चाचा. गल्लीसमोर."

"त्याचा हात बाजारातला हाय का? उद्या त्याचा हात कोनी न्हाई धरला तर त्याचं काय अडतंय?"

हे वाक्य मी ऐकलं. मला ते कळलंही. आणि कळलं म्हणूनच माझं डोकं फिरलं. मी काय बोललो ते लिहायलाच पाहिजे, नाहीतर या सगळ्या लिहिण्याला अर्थ नाही. मी म्हणालो, "तुमच्या हातचं काम जातंय म्हणून पोटात दुखतंय का बे?" बे. ज्या माणसानं मला खांद्यावर बसवून उरूस दाखवला त्याला मी बे म्हणालो. चाचा उठले. माळवदाच्या कडेपर्यंत गेले आणि वळून एवढंच म्हणाले, "आप्पाला इचार. त्याला म्हाईत हाय." आणि आपल्या साण्याजवळच्या शिडीनं खाली उतरले.

मी आप्पाला विचारलं नाही.

गल्लीनं आपले ओटे आपल्या हातानं उखडले. त्यातही चढाओढ होती, कोणाचा दगड आधी निघतो. मायनं बाचा खुंटा पहारीनं न उपटता खुरप्यानं चारी बाजूंनी माती काढून सोडवला, त्याला अर्धा दिवस लागला. मग मोहरे उतरवले. चौकटी काढून आत ठेवल्या. घरांची तोंडं उघडी पडली. रस्त्यावरून जाणाऱ्याला आमची चूल, आमचं अंथरूण, मायची देवाची फळी सगळं दिसायचं. मायनं घोंगडं टांगलं. गल्ली एवढी रुंद झाली की या बाजूची बाई त्या बाजूच्या बाईशी बोलायला ओरडू लागली. खुंटे नव्हते तरी दोघीतिघींनी रस्त्यात मेखा ठोकून ताणे ताणले. तिसऱ्याच दिवशी वेशीतून एक जीप आली. "ताणा हाय, ताणा हाय," अशी आरोळी उठली, पण जीपवाला गल्लीतला नव्हता. ताणा तिच्या पुढच्या चाकांत गुंडाळला गेला आणि काळे धागे ओढत जीप नदीपर्यंत गेली. त्यानंतर आमच्या गल्लीत कोणी ताणा ताणला नाही.

चाँदचाचांनी माझ्याशी बोलणं सोडलं होतं, पण घरं सोडली नव्हती. कोणी बोलावलं नाही तरी ते रोज बाभळीच्या थुन्या घेऊन एकेका घरात शिरायचे, सराखाली थुनी बसवायचे, खाली पाचर ठोकायचे. मजुरी मागितली नाही. आमच्या घरातही आले. मी बाजाराला निघालो होतो. त्यांनी मला बघितलं आणि मायला म्हणाले, "वहिनी, ही थुनी हलवू देऊ नका कोणाला." मी तसाच निघून गेलो.

त्याच बाजारच्या दिवशी, दुपारी, वेशीजवळचं पहिलं घर बसलं. मी बाजारात होतो; पांढऱ्या मातीचा लोट वेशीच्या वर आलेला मी तिथून बघितला. पळत आलो तोवर ओळीतली चार घरं खाली होती, आमचं आणि चाचांचं धरून. बाया बाहेर उन्हात सूत काढत बसल्या होत्या म्हणून वाचल्या. माय वाचली. बाचा माग सराखाली मोडून पडला होता. चाचा पहिल्या घरात होते, थुनीला पाचर ठोकत. त्यांना आम्ही दगड काढून बाहेर काढलं. जीव होता. उजवा हात मनगटापासून पुढे राहिला नव्हता म्हटलं तरी चालेल.

पुढचं सगळं दहा-बारा दिवसांत झालं. उरलेल्या घरांवर नोटिसा लागल्या: इमारत धोकादायक, ताबडतोब खाली करावी. मी नगरपालिकेत गेलो. साहेबाची बदली झाली होती. नवा साहेब म्हणाला, "आठ फूट कुठं लिहिलंय?" मी म्हणालो, हात दिला होता. तो समोरच्या कारकुनाकडे बघून हसला. म्हणाला, "आणि तोडलं कोणी? तुम्हीच ना? स्वखुशीनं?" मी टेबल उलटं केलं. पोलिसांनी संध्याकाळपर्यंत बसवून ठेवलं आणि मला सोडवायला कोण आलं असेल? आप्पा. त्यांनी माझ्या पाठीवर हात ठेवला आणि म्हणाले, "सौदा झाला की मागं बघायचं नसतं, सोपान." मी त्यांचा हात झटकला. त्या दिवसापासून मी त्यांच्या सावलीत उभा राहिलो नाही.

यंत्र आलं आणि वेशीपासून उतारापर्यंत सगळं सपाट करून गेलं. शेवटी वेससुद्धा गेली, दगड ट्रकमध्ये भरून. फक्त आप्पांचा वाडा राहिला, कारण तो ओळीत नव्हता.

दवाखान्यात मी चाचांना भेटायला गेलो, ते उशिरा. आधी तीनदा दारापर्यंत जाऊन परत आलो होतो. चाची बाजूला बसून खिचडी भरवत होती. चाचांनी मला बघितलं आणि म्हणाले, "जेवला का रे?" मी म्हणालो, हो. ते म्हणाले, "झूट." चाचीनं दुसऱ्या ताटात खिचडी वाढली. मी खाल्ली. खट्ट्यात तीळ नव्हते. मग मी खाली मान घालून विचारलं, "आप्पाला म्हाईत हाय, म्हणाला होता तुमी. काय म्हाईत होतं?"

चाचा छताकडे बघत म्हणाले, "दोन साल झाले. आप्पानं ओळीतलं ते मधलं घर घेतलं होतं ना, पुढं दुकान काढायला. मोहरा फोडायला मला बुलावलं. म्या म्हणलं, आप्पा, ह्यो मोहरा काढला तर तुमचंच न्हाई, सगळी ओळ बसंल. त्यांनी मला तिथंच बसवून पुन्हा पुन्हा इचारलं. कसं बसंल, किती दिसात बसंल, कुटून सुरू व्हईल. म्या सगळं सांगितलं. गवंडी माणूस, कोनी इचारलं की खूश व्हतो." मग म्हणाले, "तू भावात खूश झाला, म्या भिंतीत. जाऊ दे."

पुढे चाचा मुलीकडे दिंद्रुडला गेले आणि तिथंच वारले. गवंड्याचा हात गेल्यावर माणूस काय करतो ते मी दर वर्षी जाऊन बघत होतो: ते ओट्यावर बसून दुसऱ्यांनी बांधलेल्या भिंतीकडे बघायचे. मी माफी मागितली. ते म्हणायचे, कशाची? त्यांनी ती मला दिली होती की दिलीच नाही, हे कधी कळलं नाही. गल्लीतली घोंगडी विणणारी घरं तलवाड्याला, वडवणीला, जिथं सोयरे होते तिथं पांगली. ज्यांचे माग मोडले त्यांच्यातले कित्येक कोयता घेऊन उसाला गेले. माय माझ्याकडे पत्र्याच्या खोलीत राहिली, मग मी बांधलेल्या स्लॅबच्या घरात. त्या घरात उजेड लख्ख होता. ती म्हणायची, दिवस कुठं गेला ते कळत नाही. बाचा खुंटा तिनं शेवटपर्यंत पलंगाखाली ठेवला. तो आता माझ्या पलंगाखाली आहे.

मी आप्पाशिवाय धंदा उभा केला आणि त्यांच्यापेक्षा मोठा केला. हे मी फुशारकीनं सांगत नाही. फुशारकीनंच सांगतो, पण त्यानं काही भरून येत नाही हेही सांगतो. गल्लीच्या जागी आता रस्ता आहे आणि कडेला, आप्पांनी मातीमोल घेतलेल्या आमच्या जागांवर, तीन मजली व्यापारी संकुल आहे, आप्पांच्या मुलांचं. मोबाइलची दुकानं आहेत, कपड्यांची आहेत. आमची चूल जिथं होती तिथं, माझ्या मापानं, झेरॉक्सचं मशीन आहे. त्या दुकानातल्या पोरीला मी एकदा सांगितलं. ती म्हणाली, "काका, किती प्रती काढायच्या?"

गेल्या आठवड्यात माझ्या घरी एक पत्रिका आली. आप्पांचा नागरी सत्कार आहे. आधुनिक शहराचे शिल्पकार, असं छापलं आहे. नव्वदीच्या पुढचे आहेत, पण स्मृती शाबूत आहे असं पत्रिका देणारा सांगत होता. त्यानं मला विनंती केली, तुम्ही त्यांचे जुने शिष्य, गौरव अंकासाठी चार शब्द लिहून द्या. हे ते चार शब्द. त्यांच्या अंकात छापणार नाहीत, म्हणून मी माझ्या आठवणींच्या पुस्तकात छापतो आणि त्याची एक प्रत त्या झेरॉक्सच्या दुकानातून काढून सत्काराला घेऊन येतो.

माझ्या वाट्याचं उत्तर मी आधी देतो. मला चाँदचाचांनी सांगितलं होतं. मायनं सांगितलं होतं. मी जिंकलो होतो म्हणून ऐकलं नाही. आणि इतकी वर्षं मी तुम्हाला शिव्या दिल्या, आप्पा, पण सरळ प्रश्न कधी विचारला नाही, कारण तुम्ही नाही म्हणाला असता तर सगळं माझ्या एकट्यावर आलं असतं. आता मी म्हातारा झालो, येऊ द्या. मला जागा नको, दुकान नको, माफीही नको. त्या दिवशी वेशीपाशी तुम्ही सगळ्यांसमोर माझं नाव घेतलं, तेव्हा आठ फुटांत सगळी ओळ बसते हे तुम्हाला ठाऊक होतं की नव्हतं? हार घालून झाले, भाषणं झाली की मी स्टेजवर येईन आणि हात पुढं करीन. एक बोट दाबलं तर होय, दोन दाबली तर नाही. पण या वेळी मी वरून उपरणं टाकणार नाही. लोकांना दिसू दे.